सहा दहाची टकटक

प्रिय बारके,

तुझा मेसेज आणि ते चौदा फोटो रविवारीच मिळाले. आज मंगळवार. दोन दिवस उत्तर नाही म्हटल्यावर तुला वाटलं असेल, मावशीला फोटो उघडता आले नसतील. आले गं. उघडले, मोठे करून पाहिले, चष्मा पुसून परत पाहिले. मोबाइलवर उत्तर लिहायला बसले की दोन ओळींनंतर बोट आपोआप पुसायच्या खुणेवर जायचं, म्हणून शेवटी कागद-पेन घेतलं. पेनाने लिहिलेलं खोडलं तरी खाली दिसत राहतं, ते बरं. अक्षर सांभाळून घे. माझ्या अक्षराला तुझे बाबा कोंबडीचे पाय म्हणायचे आणि वर विचारायचे की कोंबडीला इतकी घाई कसली होती.

तू दोन गोष्टी विचारल्यास. एक, घर रिकामं करताना बाबांच्या खोलीतलं ते जुनं कॉम्प्युटरचं मशीन अजून चालूच आहे असं दिसलं, तर ते बंद करू का. आणि दुसरी, त्यांच्या वहीतल्या त्या ओळीबद्दल. ‘पाच अठरा. बारकी हाक मारते. उठलो. मोजणी थांबवली होती का?’ ही ओळ वहीत एकेचाळीस वेळा आहे म्हणतेस. मोजलीस तू. बापाचीच लेक. आणि मग खाली लिहिलंस, मावशी, मी हाक मारली म्हणून झालं का ते सगळं?

नाही. उत्तर नाही असंच आहे, हे आधीच सांगून टाकते. पण नुसतं नाही म्हटलं तर तुला वाटेल मावशी समजूत काढतेय, आणि तू मान डोलावशील आणि परत जाऊन ती ओळ वाचशील. म्हणून सगळं सांगावं लागेल. थोडं लांबेल. चहा करून घे आणि बस.

आमच्या हॉस्पिटलच्या तळघरात, कपडे धुवायच्या खोलीला लागून, एक बारीक खोली आहे. तिथल्या लोखंडी रॅकमध्ये खालून तिसऱ्या खणात एक फायरवॉल आहे, म्हणजे हॉस्पिटलच्या सगळ्या कॉम्प्युटरांच्या जाळ्याची राखणदार. तुझ्या बाबांनी आणि मी तिचं नाव म्हातारी ठेवलं होतं. तू लहानपणी तिला बघायला यायचा हट्ट धरलास, आलीस, आणि एवढीच आहे होय, म्हणून रुसून बसलीस, आठवतं? एवढीच आहे, पण सगळ्या इमारतीच्या दारात ती बसलेली आहे. बाहेरच्या कुणाला आत घ्यायचं, कुठल्या वॉर्डातला निरोप कुठल्या टेबलापर्यंत जाऊ द्यायचा, हे सगळे नियम तिच्याकडे. ती बनवणारी कंपनी केव्हाच दुसऱ्या कंपनीच्या पोटात गेली. तिची ऑपरेटिंग सिस्टिम सुधारणं त्यांनी सोडून दिलं, आणि नवी घालावी तर तिच्यात तेवढी जागा नाही. त्यामुळे तिला बंद करायला सगळेच घाबरतात. झोपली तर उठेलच असं कुणी सांगावं?

मी कामाला लागले तेव्हा मला सगळ्यांनी मास्तर म्हणून ज्यांच्याकडे पाठवलं ते तुझे बाबा. पहिल्या दिवशी त्यांनी मला एक स्टूल दिलं आणि म्हातारी उठते कशी ते सांगितलं. तिच्यात तीन थर. सगळ्यात खाली फर्मवेअर. वीज आली की ते पहिलं जागं होतं. त्याला जगाचं काही कळत नाही, आपले हातपाय जागेवर आहेत का ते चाचपतं आणि वरच्या थराला उठवतं. मग ऑपरेटिंग सिस्टिम उठते. तिला आपण कोण, आपलं काम काय हे ठाऊक असतं, पण दारात कुणाला घ्यायचं हे तिलाही आठवत नसतं. ती लिहून ठेवलेले नियम वाचते. जेवढं लिहून ठेवलेलं असेल तेवढंच. दिवसा तुम्ही तिला काही नवं सांगितलंत, तिने ते पाळलंसुद्धा, पण सेव्ह केलं नाहीत, तर पुढच्या वेळी उठताना ते तिच्या गावीही नसतं. बाबा म्हणाले, आमच्या बारकीला शाळेसाठी उठवताना हेच तीन थर दिसतात, आधी डोळे उघडतात, मग आपण कोण ते कळतं, आणि गृहपाठ राहिलाय हे सगळ्यात शेवटी आठवतं. मी इतकी हसले की स्टुलावरून पडायची राहिले.

आणखी एक गोष्ट त्यांनी सांगितली, ती नीट लक्षात ठेव. म्हातारी एक गोष्ट कुणी न सांगता ध्यानात ठेवते. आपण शेवटचं कधी उठलो आणि कशामुळे उठलो. वीज जाऊन आली म्हणून उठलो, की कुणी हुकूम दिला म्हणून. हुकूम असेल तर तो लांबून, नेटवर्कवरून आला, की तिच्या पोटात खुपसलेल्या केबलमधून, म्हणजे तळघरात तिच्यासमोर बसलेल्या माणसाकडून आला. विचारलं की सांगते. पण शेवटचीच वेळ फक्त. पुन्हा उठली की त्याआधीची विसरली.

या शुक्रवारी दुपारी तिला काढणार आहेत. नवी आली आहे, चकचकीत, तिच्या पंख्याचा आवाजसुद्धा येत नाही. गेले तीन आठवडे मी म्हातारीचे नियम एकेक वाचून नवीत घालतेय. प्रत्येक नियमाच्या डोक्यावर तुझ्या बाबांनी एक ओळ लिहून ठेवली आहे. ‘याला हात लावाल तर माझ्याशी गाठ आहे.’ ‘हा नियम का आहे ते मला माहीत नाही, पण काढला की एक्स-रे बंद पडतो. दोनदा काढून पाहिला आहे.’ ‘हा दंतवैद्यांच्या हट्टापायी.’ तीन आठवडे रोज आठ-आठ तास हे वाचतेय मी, बारके. कपडे धुवायच्या मशीनची घरघर भिंतीतून येत असते आणि समोर ते बोलत असतात. मी परवा चक्क मोठ्याने उत्तर दिलं. कपडे धुणाऱ्या बाई दारातून डोकावून गेल्या.

आता मशीनबद्दल. ते मशीन रोज सकाळी म्हातारीचं दार वाजवतं. सहा वाजून दहा मिनिटांनी. घरून आत शिरायला बघतं, म्हातारी नाही म्हणते, आणि तिच्या लॉगमध्ये, म्हणजे नोंदवहीत, एक ओळ उमटते, की अमुक पत्त्यावरून अमुक वाजता कुणीतरी आलं होतं, नाकारलं. गेली सहा वर्षं मी कामावर आले की पहिल्यांदा ती ओळ बघते. सहा दहा. सहा दहा. सहा दहा. त्यांनीच ते लावून ठेवलं होतं, रोज त्या वेळी आपोआप होईल असं. यात भुताटकी काही नाही, मला माहीत आहे, मी शिकलेली बाई आहे.

पण त्या मशीनचं घड्याळ मागे पडायचं. आतली बॅटरी कधीच संपलेली. बाबा ते रोज हाताने लावत असणार, कारण ते होते तोवर टकटक कधी एक मिनिट इकडची तिकडे झाली नाही. आठ महिन्यांपूर्वी तू फोन करून सांगितलंस की बाबा गेले. मी आले, तुझ्याजवळ बसले, सगळं झालं, पण मला ते खरं वाटत नव्हतं. नंतर कामावर गेले, लॉग उघडला, तर टकटक होतीच. सहा दहा. पुढे चार-पाच दिवसांनी सहा अकराला आली. मग मला पटलं. तिथेच खुर्चीत बसून रडले. आता ती सहा एकेचाळीसला येते. म्हाताऱ्या माणसाचं चालणं मंदावतं ना, तशी. एखाद्या दिवशी उशीर झाला की माझा जीव खालीवर होतो, आणि आली की अंगावर काटा येतो. दोन्ही रोजच.

तुझ्या नवव्या फोटोत मशीनच्या पडद्याखाली चिकटवलेली चिठ्ठी दिसते. तू लिहिलंस की याचा अर्थ लागत नाही. ‘कधी उठलीस? कशामुळे उठलीस?’ अक्षर त्यांचंच. तुला वाटलं असेल तुलाच उद्देशून काही असेल. नाही गं. ते मशीन रोज म्हातारीला जाऊन काय विचारणार होतं, ते त्यांनी लिहून ठेवलंय. आत जाता आलं असतं तर रोज तेवढेच दोन प्रश्न विचारून ते परत आलं असतं. सहा वर्षं मला कळलं नव्हतं ते कशासाठी येतात. मला वाटायचं, सवय असेल, जुन्या जागेची ओढ असेल. रविवारी तो फोटो पाहिला आणि कळलं.

मोजणी म्हणजे काय ते आता सांगते. लांबून फायरवॉलचे नियम बदलताना एक धोका असतो. चुकून आपणच बाहेर अडकलो तर? आपणच दार लावून घेतलं आणि किल्ली आत राहिली, तसं. म्हणून मास्तरांनी आम्हाला एक शिस्त लावली होती. कुठलाही बदल करायच्या आधी म्हातारीला सांगायचं, की अमुक मिनिटांनी आपोआप रीस्टार्ट हो. उलटी मोजणी सुरू. मग बदल करायचा. बिघडलं तर हात लावायचा नाही, मोजणी संपली की ती रीस्टार्ट होईल, सेव्ह केलेले जुने नियम वाचेल, सगळं पूर्ववत. जमलं तर आधी मोजणी थांबवायची, मग सेव्ह करायचं. या क्रमाने. ते स्वतः नेहमी तीस मिनिटं लावायचे. त्यांच्या हाताला इतकी सवय की डोक्याला पत्ता नसायचा, आपण रात्री दाराला कडी घालतो आणि अंथरुणात पडल्यावर घातली का म्हणून उठतो, तसं.

सहा वर्षांपूर्वीचा तो दिवस. हृदयाच्या रुग्णांचा वॉर्ड नव्या इमारतीत हलवला होता. प्रत्येक खाटेजवळच्या यंत्राची धोक्याची घंटा जुन्या इमारतीतल्या नर्सच्या टेबलावर वाजायला हवी, त्यासाठी म्हातारीत एक नवा नियम घालायचा होता. ते काम दुपारी झालं. वॉर्डातून मुद्दाम घंटा वाजवून पाहिली, टेबलावर वाजली, सगळे खूश. बाबांची वेळ संपली, ते घरी गेले. सव्वापाचला त्यांनी घरून आत येऊन तो नियम तपासला आणि त्याच्या डोक्यावर नेहमीसारखी एक ओळ लिहिली. पाच अठराला तू हाक मारलीस. शाळेच्या नाटकात तू झाड झाली होतीस, तुला चार वाक्यं होती, आणि ती ऐकायला तुला प्रेक्षक हवा होता. ते उठले. सव्वासहाला परत खुर्चीवर आले, तर पडद्यावर शेवटची ओळ होती, की तीस मिनिटांत रीस्टार्ट होईल, आणि त्याखाली, संपर्क तुटला.

तीस मिनिटं. त्यांचीच मोजणी. ओळ लिहिणं हाही बदलच, तेव्हा सवयीने लावली असणार, हाक आली म्हणून थांबवायची राहिली असणार. त्यांनी तसाच समज करून घेतला आणि ते चपला न घालता धावत आले. म्हातारी पाच पन्नासला रीस्टार्ट झाली होती. नवा नियम सेव्ह झालेला नव्हता, ती जुनंच वाचून उठली होती. सात नंबरच्या खोलीत एक शिंपीकाका होते. सहाच्या सुमाराला त्यांच्या उशाशी घंटा वाजायला लागली. दार बंद होतं, टेबलावर आवाज आलाच नाही. सहा पंचवीसला नर्स फेरीला गेली तेव्हा सगळं संपलं होतं. डॉक्टर नंतर म्हणाले की कदाचित तसेही वाचले नसते. हा कदाचित तुझ्या बाबांनी कधी स्वतःच्या बाजूने धरला नाही.

दुसऱ्या दिवशीच्या बैठकीत कुणी काही विचारायच्या आत त्यांनी सांगून टाकलं, की मोजणी माझी होती, थांबवायला मी विसरलो. म्हातारीला एकच नाव आणि एकच पासवर्ड, आम्ही दोघं तोच वापरायचो, त्यामुळे कुणी काय केलं हे वेगळं शोधायचा प्रश्नच आला नाही. त्यांना घरी बसवलं. पुढे काय झालं ते तू पाहिलं आहेस. गॅस दहादा बघणं, नळ बघणं, तू शाळेत निघालीस की कोपऱ्यापर्यंत येऊन दप्तर तपासणं. तू वसतिगृहात राहायला गेलीस ती त्यांच्या त्या बघण्याला कंटाळून गेलीस, मला तू तेव्हा तसं सांगितलं होतंस. मी तुला म्हणाले होते, अगं, वय झालं की माणसं अशी होतात. किती सहज म्हणाले होते.

त्याच दुपारी, बैठक संपल्यावर, मोठ्या डॉक्टरांनी मला बोलावून सांगितलं, की त्यांच्या घरचा पत्ता म्हातारीत बंद करून टाक, आता त्यांना आत यायची गरज नाही. मी खाली गेले आणि तो नियम लिहिला. लिहून सेव्हसुद्धा केला. त्या दिवशी बरोबर आठवण राहिली. पासवर्ड मात्र बदलला नाही, तो तुझ्या वाढदिवसाचा आहे. आणि त्या एका नियमाच्या डोक्यावर कसलीच ओळ नाही. नवीत नियम उतरवताना रोज मी त्याच्यापाशी येते आणि उठून पाणी प्यायला जाते.

तू पाठवलेल्या त्यांच्या वहीच्या फोटोंमध्ये माझा उल्लेख कुठे आहे ते मी शोधलं. स्वार्थी माणूस असंच करतो. एकदाच आहे. दुसऱ्या दिवशी सकाळची नोंद. ‘सात पन्नास. तिचा फोन. म्हणाली म्हातारी काहीच सांगत नाही. आवाज बसलेला. सर्दी?’ मला सर्दी नव्हती, बारके. ते प्रश्नचिन्ह मी दोन दिवस बघतेय. त्यांना कळलं होतं आणि तरी ते गप्प राहिले, की त्यांना खरंच माझ्या घशाची काळजी वाटली? दोन्ही त्यांना शोभणारंच. दोन्हीतलं कुठलंही मला झोपू देत नाही. संध्याकाळी ते घरच्या जुन्या कपाटातून माझ्यासाठी खोकल्याचं औषध शोधून घेऊन आले होते, त्यांना स्वतःला नोकरीवरून काढलं त्याच दिवशी. मी ते घेतलं. बाटली अजून आहे.

आता ऐक, हे सगळं ज्यासाठी लिहिलं ते. त्या दुपारी तो नियम मी घातला. तळघरात, म्हातारीला केबल लावून, दुपारी तीन पन्नासला. तारांचंही काम होतं म्हणून मी तीस मिनिटं नाही, दोन तासांची मोजणी लावली. दोन तास म्हणजे पाच पन्नास. काम पाऊण तासात झालं, घंटा वाजली, सगळ्यांनी शाबासकी दिली, आणि माझ्या चपला दुरुस्तीला टाकलेल्या होत्या, ते दुकान साडेपाचला बंद व्हायचं. मी केबल काढली आणि निघाले. मोजणी थांबवली नाही, सेव्ह केलं नाही. चपलांसाठी, बारके. त्या चपला मी परत कधी पायात घातल्या नाहीत. मोजणीचा अर्धा तास उरला की म्हातारी आत असलेल्या प्रत्येकाच्या पडद्यावर सूचना देते, कुणाची मोजणी ते सांगत नाही. ती सूचना पाच वीसला बाबांच्या पडद्यावर आली. ते तुझं झाड बघत होते. तू हुशार आहेस, तुझ्या मनात येईलच की मी हाक मारली नसती तर त्यांनी ती बघितली असती. बघितली असती, आणि माझी चूक निस्तरली असती. पण ते त्यांचं काम नव्हतं, त्यांची वेळ संपली होती, आणि मुलीने हाक मारली तर बापाने उठायचंच असतं. त्याचं खापर स्वतःच्या डोक्यावर फोडून घेशील तर याद राख. दुसऱ्या दिवशी सकाळी मी सातला तळघरात गेले. चौकशी होईपर्यंत म्हातारीला हात लावायचा नाही असं त्यांना रात्रीच बजावलं होतं, म्हणून सात वीसला त्यांचा फोन आला, की म्हातारीला विचार आणि मला सांग, हुकूम लांबून आला होता की केबलवरून. त्यांना शंका आली होती. मी विचारलं. तिने सांगितलं, केबलवरून. मी त्या ओळीकडे बघत राहिले, आणि मग मी म्हातारीच्या मागे गेले आणि तिची वायर उपटली. परत लावली. ती उठली तेव्हा तिला एवढंच आठवत होतं की वीज गेली होती. आणि मग सात पन्नासला मी त्यांना फोन केला. त्यानंतर म्हातारी आजवर एकदाही बंद झालेली नाही. म्हणजे ते सहा वर्षं ज्या उत्तरासाठी दार वाजवत होते ते मी पहिल्याच दिवशी पुसलं होतं, आणि ते दार वाजवत असताना मी आत बसून ओळी बघत होते. मी क्षमा मागत नाही. मागायची तर त्यांच्याकडे मागायला हवी होती, सहा वर्षं होती माझ्याकडे. मोठ्या डॉक्टरांच्या टेबलावर हे सगळं लिहून सही करून आज ठेवून आले आहे, आणि उद्या शिंपीकाकांच्या बायकोकडे जाणार आहे. हे पत्र तुझ्या दाराखालून सरकवून जाईन, बेल वाजवायची हिंमत नाही. मशीन शुक्रवारपर्यंत बंद करू नकोस. गुरुवारी घरी जाण्याआधी मी तो डोक्यावर ओळ नसलेला नियम काढून टाकणार आहे. काढून सेव्ह करणार आहे. शुक्रवारी सकाळी सहा एकेचाळीसला बाबांच्या खुर्चीवर जाऊन बस. सहा वर्षांत पहिल्यांदा म्हातारी त्यांना आत घेईल आणि त्यांच्या दोन्ही प्रश्नांची उत्तरं देईल. कधी उठलीस? म्हातारी त्या दुसऱ्या दिवसाची तारीख सांगेल, वेळ सकाळची सात चाळीस. कशामुळे उठलीस? वीज गेल्यामुळे. तळघरात यूपीएस आहे, तिथे वीज जात नाही, कुणीतरी वायर उपटावी लागते. आणि त्या दिवशी सात चाळीसला तुझे बाबा कुठे होते ते तू स्वतः पाहिलं आहेस. त्याच आठवड्यातल्या रविवारी तू माझ्याकडे तक्रार केली होतीस, की बाबांनी फोनची वाट बघत बघत तुझ्या वेण्या घातल्या, एक वर आणि एक खाली, आणि तू तशीच शाळेत गेलीस. ते उत्तर एका कागदावर उतरवून घे, म्हणजे ते लिहिलेलं राहील. मग मशीन बंद कर.

तुझीच,
कामावरची मावशी